‘चाल नसलेलं काहीतरी वाचा, सर’

वीस वर्षांपूर्वी ओझरच्या आमच्या शाळेत सगळ्यात मोठा आवाज घंटेचा नव्हता. जवळच्या विमान कारखान्यातून एखादं विमान चाचणीसाठी उडालं की आधी खिडक्यांच्या काचा थरथरायच्या, मग फळ्याखालच्या पट्टीवरचे खडू सरकायला लागायचे आणि मग तो आवाज यायचा. आभाळ एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत कुणी टरकावत नेतंय असा. आज इतक्या वर्षांनीही दुपारी डुलकी लागली की मला तो ऐकू येतो आणि माझा उजवा हात आपोआप वर जातो.

हात का जातो, ते सांगायला हवं. विमान आलं की शिकवणाऱ्याने हात वर करायचा, वर्गाने जिथे असेल तिथे थांबायचं आणि आवाज ओसरला की त्याच शब्दापासून पुढे सुरू करायचं, अशी आमच्या शाळेची रीत होती. ही रीत कुणी घातली, कोण जाणे. बाहेरून बदलून आलेले शिक्षक वाक्य पहिल्यापासून सुरू करायचे आणि मुलं खुदखुदायची.

पाचवीच्या वर्गात मी कविता म्हणून घेत होतो. नदीवरची कविता, साधी, पाठ्यपुस्तकातली. मी सगळ्याच कविता चालीवर म्हणून घ्यायचो. चाल बसली की पाठांतर वेगळं करावं लागत नाही, असा माझा समज होता, आणि अजूनही आहे. दुसऱ्या कडव्यात विमान आलं. मी हात वर केला. वर्ग थांबला. आवाज ओसरल्यावर सगळ्यांनी त्याच शब्दापासून सुरुवात केली; पण तिसऱ्या बाकावरचा एक आवाज दोन ओळी पुढे होता.

“पुढे कशी गेलीस तू?” मी जरा रागानेच विचारलं.

“सर, मी थांबलेच नाही,” ती मुलगी म्हणाली. “मी आतल्या आत म्हणत होते.”

मला राग येण्याऐवजी कुतूहल वाटलं. पुढच्या वेळी विमान आलं तेव्हा मी मनात मात्रा मोजत राहिलो. आवाज गेला, मुलीने तोंड उघडलं, आणि ती बरोब्बर माझ्या मात्रेवर होती. तसूभर इकडे नाही, तिकडे नाही.

सुमेधाताई पगारे यांचा आणि माझा परिचय झाला तो असा.

माजी विद्यार्थी मंडळाने त्यांच्या तिशीनिमित्त हा गौरवग्रंथ काढायचं ठरवलं तेव्हा काहींनी नाकं मुरडली. ग्रंथ निघतो तो साठीला नाहीतर पंचाहत्तरीला. आमच्या घरातून तर थेट विचारणा झाली, “अहो, पंचाहत्तरी तुमची आलीय आणि ग्रंथ तिचा निघतोय?” मी म्हटलं, “तिचा नाही, त्यांचा म्हण. लेखात आदरार्थी लिहायचंय.” त्यावर सौ. म्हणाल्या, “कागदावर लिहा खुशाल. ती दारात आली की तुम्ही ‘अगं ये गं’च म्हणणार.” खरं आहे. तरी या लेखापुरता मी नियम पाळणार आहे. ज्यांच्या कामाकडे पाहून मला या वयात नवं काही कळलं, त्यांना ‘अहो’ म्हणायला माझी जीभ झिजत नाही.

सुमेधाताईंचे वडील प्रल्हादराव कारखान्यात फिटर होते. कॉलनीतल्या बुद्धविहारासमोर जयंतीला गाण्यांचा कार्यक्रम असे. वयाच्या आठव्या वर्षी सुमेधाताईंनी तिथे पहिल्यांदा माइक हातात धरला. तेव्हापासून दर वर्षी त्या मंचावर त्यांचं एक गाणं ठरलेलं. पुढे नाव झालं, मोठमोठे कार्यक्रम मिळाले. पण जयंतीची ती संध्याकाळ त्यांनी कधी कुणाला दिली नाही. प्रल्हादराव पालकसभेला आले की प्रगतिपुस्तकाकडे न बघता मला विचारायचे, “सर, पोरीला गाणं शिकवू का गणित?” मी म्हणायचो, “दोन्ही.” ते म्हणायचे, “मास्तर लोकांचं बरं असतं.”

त्यांनी दोन्ही शिकवलं. गाण्याच्या शिकवणीसाठी सुमेधाताई ओझरहून पंचवटीत बसने जायच्या. बसमध्ये वही उघडून गणितं सोडवायच्या आणि आतल्या आत पलटे घोकायच्या. कॉलेजात नाटकात शिरल्या. गाण्याच्या एका टीव्ही स्पर्धेत गेल्या आणि तिसऱ्याच फेरीत बाहेर पडल्या. पण बाहेर पडल्याचा निकाल ऐकतानाचा त्यांचा चेहरा कुणा दिग्दर्शकाच्या डोळ्यांत भरला. गाण्यासाठी गेलेली माणसं अभिनयात राहिली, ती अशी. सध्या रोज संध्याकाळी सात वाजता त्या आपल्या घराघरांत परिचारिका सरोज म्हणून येतात. त्या मालिकेचं शीर्षकगीतही त्यांचंच आहे.

मालिकेचा सेट नाशिकबाहेर, गंगापूर रस्त्याच्या पुढे एका बंगल्यात आहे. मला तो बघायची फार उत्सुकता होती. सुमेधाताईंनी गाडी पाठवली. मी पाहिलं, की सरोजच्या दवाखान्याला तीनच भिंती आहेत, आणि आयसीयूचं दार उघडलं की पलीकडे द्राक्षांची बाग. मी शाळकरी पोरासारखा प्रश्न विचारत सुटलो. हे सलाईन खरं का? ती फाइल कोऱ्या कागदांची का? आणि मग, जो प्रश्न सौ. नी मुद्दाम विचारायला सांगितला होता, तो. “रोज सात वाजता तुम्हाला रडता कसं येतं?”

सुमेधाताई हसल्या. “सर, रडायचं नसतंच. रडू आवरायचं असतं. आवरता आवरता येतं कधीकधी. नाही आलं तर आवरलेलं दिसतं, ते जास्त बरं.”

मी चाळीस वर्षं मुलांना करुणरस शिकवला. एवढं सोपं करून मला कधी सांगता आलं नव्हतं.

त्या दिवशी एक शॉट मध्येच थांबला. शेजारच्या बागेत फवारणीचा ट्रॅक्टर सुरू झाला होता. ध्वनिवाल्याने हात वर केला. माझाही हात वर गेला, हे सांगायला नकोच. पाच मिनिटं सगळे थांबले. कुणी मोबाइल बघितला, कुणी चहा घेतला. सुमेधाताई होत्या तिथे, रुग्णाच्या उशाशी, मान कलती ठेवून उभ्याच. ट्रॅक्टर बंद झाला आणि त्या अर्ध्या राहिलेल्या वाक्यातून पुढे गेल्या, डोळ्यांतल्या त्याच पाण्यासकट. दिग्दर्शक माझ्याकडे बघून म्हणाले, “हे त्यांना कुणी शिकवलं, काका, कळत नाही.” आम्ही काही शिकवलं नव्हतं. आम्ही फक्त थांबायला सांगितलं होतं, आणि ते तर त्यांनी ऐकलंच नव्हतं.

कामाचा आणखी एक नमुना. सरोजची भूमिका मिळाल्यावर त्या घोटीकडच्या एका दवाखान्यात चार दिवस नुसत्या बाकावर बसून होत्या. तिथल्या एका जुन्या सिस्टरने त्यांना सांगितलं, “टीव्हीतल्या नर्सा धावतात लय. आम्ही नाय धावत. धावलं का पेशंट घाबरतो. आम्ही झपाझप चालतो.” तुम्ही लक्ष देऊन पाहा. सरोज कधी धावत नाही. आग लागली त्या भागातसुद्धा ती झपाझप चालली. त्यावर इंटरनेटवर लोकांनी टिंगल केली. सुमेधाताईंनी उत्तर दिलं नाही. त्या सिस्टरचा फोन आला, तेवढ्यावर त्या खूश होत्या.

आता गेल्या वर्षाबद्दल लिहितो. या लेखात ते टाळलं असतं तर मी खोटा ठरलो असतो.

गेल्या वर्षी दिवसा चित्रीकरण आणि सुटीच्या दिवशी गाण्याचे कार्यक्रम, असं सुरू असताना सुमेधाताईंचा घसा बसला. आठ दिवसांनी सुटेल म्हणता म्हणता सुटेना. तपासणीत स्वरतंतूवर गाठ निघाली. छोटी शस्त्रक्रिया झाली आणि डॉक्टरांनी तीन आठवडे संपूर्ण मौन सांगितलं. बोलायचं नाही, कुजबुजायचं तर मुळीच नाही. कुजबुजण्याने तंतूंवर अधिक ताण येतो, हे मला तेव्हाच कळलं. कथेत सरोजला प्रशिक्षणाला पाठवलं गेलं आणि सुमेधाताई ओझरला आईवडिलांकडे आल्या, गळ्यात दोरीने पाटी अडकवून.

गाठीचं मला वाईट वाटलं. पण मौनाची मला काळजी नव्हती. मी त्यांना म्हटलं, “तुम्हाला काय, आतल्या आत म्हणता येतं.”

त्यांनी पाटीवर लिहिलं, “तेच बंद सांगितलंय.”

मला कळेना. मग त्यांनी डॉक्टरांचं म्हणणं सविस्तर लिहून दाखवलं. माणूस मनात गातो तेव्हाही गळा थोडा थोडा हलत असतो. ज्याला गाण्याची सवय त्याचा जास्त. जखम भरायची तर ते आतलंही थांबायला हवं. थांबलं नाही तर आवाज बोलण्यापुरता येईल. गाण्याचा येईलच असं सांगता येत नाही.

विमान जे थांबवू शकलं नव्हतं ते या बाईंना आता आपणहून थांबवायचं होतं.

त्यांनी पाटी पुसली आणि लिहिलं, “एकटी असले की सुरू होतं. कुणी बोलत असलं की थांबतं. तुम्ही रोज या. चाल नसलेलं काहीतरी वाचा, सर.”

चाल नसलेलं! मी, ज्याने पाढेसुद्धा चालीवर म्हणून घेतले! पण गेलो. रोज दहा वाजता पगाऱ्यांच्या ओट्यावर खुर्ची टाकायचो आणि वाचायचो. पहिल्या दिवशी प्रेशर कुकरची माहितीपुस्तिका वाचली. दुसऱ्या दिवशी पाणीपट्टीची नोटीस, मग घरातल्या औषधांच्या आतले ते बारीक अक्षरांचे कागद, मग सोसायटीच्या सभेचं इतिवृत्त. सुमेधाताई डोळे मिटून ऐकायच्या. प्रल्हादराव आतून ओरडायचे, “सर, आवरा! मला झोप यायला लागली.”

पाचव्या दिवशी माझ्याकडून घोटाळा झाला. इतिवृत्त वाचता वाचता माझी मान डोलायला लागली असावी. ‘सूचक’ आणि ‘अनुमोदक’ यांच्या नावांची यादी आली, आणि मला कळायच्या आत ती मी भुजंगप्रयातासारखी ठेक्यात म्हणायला लागलो. सुमेधाताईंनी खाडकन डोळे उघडले, एक हात गळ्यावर ठेवला आणि दुसऱ्याने पाटीवर लिहिलं, “सर, चाल!” ते उद्गारचिन्ह अजून माझ्या डोळ्यांसमोर आहे. त्यांच्या आत गाणं सुरू झालं होतं, ते माझ्यामुळे.

घरी येऊन मी जेवलो नाही. सौ. म्हणाल्या, “एका माणसाला एक वाक्य सरळ वाचता येत नाही म्हणजे कमाल आहे.” दुसऱ्या दिवसापासून मी एक युक्ती केली. प्रत्येक ओळीच्या मध्येच, भलत्याच जागी थांबायचं. ज्या माणसाने जन्मभर यतिभंगाबद्दल पोरांचे कान पिळले, त्याने सोळा दिवस ठरवून यतिभंग केला. त्यातला एकेक मला टोचला. पण सुमेधाताईंचा गळा स्वस्थ राहिला. तिसऱ्या आठवड्याच्या शेवटी पाटीवर आलं, “आज सकाळी आत काहीच नव्हतं. भीती वाटली.”

मौन सुटलं तरी पुढचे पाच आठवडे सेटवर आवाज वापरायचा नाही असं ठरलं. सुमेधाताई नुसते ओठ हलवायच्या आणि मुंबईतल्या स्टुडिओत हर्षदा आहेर नावाची मुलगी त्यांचे संवाद बोलायची. ही मुलगी कळवण तालुक्यातली. आवाज देणं हाच तिचा व्यवसाय. पहिल्याच दिवशी सौ. नी ओळखलं. “आवाज हिचा नाही.” मी म्हटलं, “सर्दी असेल.” “सर्दीने माणूस दुसऱ्या गावचं होत नाही,” त्या म्हणाल्या. पण पंधरवड्यात कानाला सवय झाली. अख्ख्या महाराष्ट्राला झाली.

सुमेधाताईंचा आवाज परत आला तो थोडा जाडसर, थोडा उतरलेला. आता सरोज कुणाच्या आवाजात बोलणार, हा प्रश्न आला. आपला आवाज परत मागण्याचा त्यांना अधिकार होता. त्यांनी मागितला नाही. मी विचारलं तेव्हा म्हणाल्या, “सर, लोकांनी एकदा मान्य केलं. आता दुसऱ्यांदा बदलायचा म्हणजे त्यांना वेड्यात काढल्यासारखं. सरोजचा आवाज आता हर्षदाचा.” मात्र त्यांनी एक अट घातली. आवाज देणाऱ्यांची नावं सहसा येत नाहीत; हर्षदाचं नाव रोज पडद्यावर यायला हवं, आणि आपल्या नावाच्या लगेच खाली. आज ते येतं. तुम्ही शीर्षकगीताच्या वेळी पाणी प्यायला उठत असाल तर उठू नका, वाचा.

एवढं मोठं मन असलेल्या बाईंना स्वतःच्या बाबतीत मात्र धीर होत नव्हता. डॉक्टरांनी गायला परवानगी देऊन सात महिने झाले. त्या गायल्या नाहीत. शीर्षकगीत जुनंच वाजत राहिलं. कार्यक्रमांना नकार गेले. या वर्षीच्या जयंतीला त्या विहारासमोर आल्या, बायकांमध्ये सतरंजीवर बसल्या आणि इतरांच्या गाण्याला टाळ्यांचा ठेका धरला. निवेदकाने दोनदा नाव पुकारलं. दोन्ही वेळा त्यांनी हात जोडले. प्रल्हादराव मंडपाच्या मागे जाऊन उभे राहिले. मीही त्यांच्या शेजारी जाऊन उभा राहिलो.

त्यामुळे गौरव समारंभाचं ठरलं तेव्हापासून एकच प्रश्न सगळ्यांच्या मनात आहे. मंडळाचा सचिव नितीन शेवाळे माझाच विद्यार्थी. तो गेल्या आठवड्यात तीनदा येऊन गेला.

“सर, पत्रिका छापायला द्यायचीय. खाली ‘गायन : सुमेधा पगारे’ टाकू का?”

“त्यांना विचार.”

“विचारलं. ‘बघू’ म्हणतात. तुम्ही विचारा ना. तुम्हाला नाही म्हणणार नाहीत.”

“म्हणूनच विचारणार नाही,” मी म्हटलं. “केवळ मला ‘नाही’ म्हणता येत नाही म्हणून एखाद्याने गावं?”

“मग काय टाकू, सर?”

“जागा सोड.”

“पत्रिकेत जागा सोडून कसं चालेल, सर? लोक म्हणतील छपाईची चूक.”

“म्हणू देत.”

तो वैतागून गेला. परवा पुन्हा येणार आहे, तेव्हा त्याला शेवटचं उत्तर हवंय, आणि हा लेखही. उत्तर माझ्याकडे नाही. लेख हा असा होतोय.

सुमेधाताईंच्या चांगुलपणाचे आणखी पुष्कळ प्रसंग सांगता आले असते. ते इतर लेखक सांगतीलच. मला त्यांच्याकडून जे मिळालं ते वेगळं आहे. कविता म्हणजे म्हणायची गोष्ट, एवढंच मी जन्मभर समजत होतो. थांबणं हीसुद्धा कामाची बाब असते, आणि ज्याच्या आत अखंड चालू असतं त्याला ती सगळ्यात महाग पडते, हे मला पाचवीतल्या माझ्या विद्यार्थिनीने माझ्या वयाच्या चौऱ्याहत्तराव्या वर्षी शिकवलं. त्या पुन्हा गातील की नाही, हे मला माहीत नाही. गायल्या नाहीत तरी माझ्या लेखी त्यांच्या मानात रतीभर फरक पडणार नाही. पण खोटं कशाला लिहू, रोज सकाळी दहा वाजले की मला वाटतं, आज काही कळेल का?

अशा ग्रंथांत शेवटी लहानांनी थोरांना दीर्घायुष्य चिंतायचं असतं. इथे उलटं आहे, आणि ते मला अधिक आवडतं. ज्यांना मी शुभेच्छा देतोय त्यांच्यापुढे त्या खऱ्या व्हायला भरपूर वर्षं आहेत. सुमेधाताई, तुमची साठी आम्ही पाहणार नाही. पण तिचा ग्रंथ जाडजूड असू दे. तुमचा गळा निरोगी राहो, गाण्यासाठी असो, बोलण्यासाठी असो, की कुणाला दारातून हाक मारण्यासाठी असो. तुमच्या घरी

हे वाक्य मी पुरं करू शकलो नाही, कारण बेल वाजली आणि दाराबाहेरून आवाज आला, “सर आहेत का घरी?”

स्वयंपाकघरातून सौ. ओरडल्या, “अहो, सरोज आली! दार उघडा आधी!”

मीही तसंच समजलो. रोज संध्याकाळी सातला ऐकतो तोच आवाज. चप्पल न घालताच मी दाराशी गेलो, ‘अगं ये गं’ ओठांवर घेऊनच.

दारात एक ठेंगणी, चष्मा लावलेली, मी कधीही न पाहिलेली मुलगी उभी होती. खांद्याला मोठी पिशवी, कानाला फोन. “हा माय, पोचनू. सरसनाच घर शे,” असं आईला अहिराणीत सांगून तिने फोन बंद केला आणि वाकून नमस्कार केला. “मी हर्षदा आहेर. आवाजवाली.”

सौ. हात पुसत बाहेर आल्या, तिच्याकडे बघत राहिल्या आणि म्हणाल्या, “अगं बाई! तू तर एवढीशी आहेस.”

“अचानक आले, सर. ताईंनीच पाठवलं. फोनवर सांगायला त्यांना जमेना.” ती भराभरा बोलत होती, माझ्या डोळ्यांपुढे दुसराच चेहरा येत होता आणि मी तो मागे सारत होतो. “काय होतं, सेटवर ताई बोलतात ते आधी मला हेडफोनवर येतं. ते ऐकून मी बोलते. शॉट संपला तरी कॉलरचा माइक कधीकधी चालूच राहतो. तर गेल्या आठवड्यात तसा राहिला. लाइट बदलत होते वाटतं. कुणाचं लक्ष नव्हतं. आणि माझ्या कानात...” ती थांबली. “मी ताईंना सांगितलं, ताई, तुमचं गुणगुणणं मी ऐकलं. त्या आधी रागावल्या. मग म्हणाल्या, ते रेकॉर्डिंग घेऊन जा, सगळ्यांत आधी सरांना ऐकव. सर जर म्हणाले ठीक आहे, तर पत्रिकेत टाका म्हणावं.”

तिने पिशवीतून हेडफोन काढून माझ्यापुढे धरले. मी घेतले, पण कानाला लावायचं धाडस होईना.

“आवाज उतरलाय, सर,” हर्षदा म्हणाली. “पण लागतोय.”